डीएलएल सापडत नाही म्हणतोय. नेटवरून उतरवून टाकावी का?

अक्षरजुळारी

सांगलीत छोटा छापखाना आहे. लग्नपत्रिका, पावतीपुस्तकं, गणपती मंडळांचे अहवाल, असली कामं. जुना संगणक बसला म्हणून नवा घेतला, विंडोज ११ चा. बाकी सगळं चढलं. पण पानांची जुळवणी करणारा एक प्रोग्राम आहे, आठ पानी, सोळा पानी फॉर्म लावून देतो, तो उघडायला गेलं की एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल सापडली नाही, प्रोग्राम पुन्हा इन्स्टॉल करून पाहा, अशी पाटी येते. पुन्हा इन्स्टॉल केला. तेच.

भाचा म्हणाला, "मामा, ती फाइल नेटवर फुकट मिळते, सिस्टम३२ मध्ये टाकायची." टाकली. फरक शून्य. मग तीच प्रोग्रामच्या फोल्डरमध्ये टाकली, तर पाटी बदलली. आता म्हणतो अॅप्लिकेशन नीट सुरू होऊ शकलं नाही, आणि पुढे बरीच शून्यं आणि शेवटी ७बी असा कोड. ज्यांनी प्रोग्राम लिहून दिला ते गृहस्थ फोन उचलत नाहीत.

काय करू ते सांगाच. पण मला एक कळत नाही, प्रोग्राम रोख पैसे मोजून घेतला, तर त्याला लागणारी फाइल त्याच्यातच का नाही?

बे एके बे

आधी भाच्याला थांबवा. सुट्या डीएलएल फुकट वाटणाऱ्या साइटवरून काहीही उतरवू नका. ती फाइल कोणी चढवली, त्यात काय घुसडलं, कोणाला पत्ता नसतो.

आता तुमचा दुसरा प्रश्न. ही फाइल तुमच्या प्रोग्रामची नाहीच, मायक्रोसॉफ्टची आहे. व्हिज्युअल सी++ वापरून लिहिलेल्या प्रोग्रामांना काही रोजची कामं लागतात: मजकूर हाताळणं, याद्या ठेवणं, फाइल वाचणं. ती प्रत्येकाने आपल्या ईएक्सईत, म्हणजे मुख्य प्रोग्राम फाइलीत, कोंबण्याऐवजी एकदा लिहून वेगळ्या फाइलींत, म्हणजे डीएलएलमध्ये, ठेवली आहेत आणि सगळे प्रोग्राम त्या वापरतात. नावातलं १४० म्हणजे आवृत्ती १४.०, व्हिज्युअल स्टुडिओ २०१५ पासूनची. या फाइलींचं एक पॅकेज असतं, व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल. प्रोग्राम लिहिणाऱ्याने ते आपल्या सेटअपमध्ये घालायचं असतं. तुमच्या गृहस्थांनी घातलं नसणार. जुन्या संगणकावर दुसऱ्या कुठल्यातरी सॉफ्टवेअरने ते आधीच आणून ठेवलं असेल, म्हणून इतकी वर्षं खपून गेलं.

दोन गोष्टी बघून सांगा. सेटिंगमधल्या अॅप्सच्या यादीत व्हिज्युअल सी++ नावाचं काय काय दिसतं? आणि तुमचा प्रोग्राम साध्या प्रोग्राम फाइल्समध्ये आहे की नावापुढे एक्स८६ असलेल्या?

पेंग्विनप्रेमी

विंडोज काढून उबुंटू लिनक्स टाका. प्रश्न मिटला.

कोथरूडचा काका

आलेच. पेंग्विनराव, छापखान्यात उद्या पत्रिका द्यायची असते. मुहूर्त पुढे ढकलत नाहीत.

मांडवीकाठ

रेगएसव्हीआर३२ ने रजिस्टर करून बघा. आमच्या पणजीच्या ऑफिसात आयटीवाला तेच करायचा, चालायचं.

बे एके बे

@मांडवीकाठ, या फाइलीला ते लागू नाही. रेगएसव्हीआर३२ फक्त कॉम (एका प्रोग्रामचे भाग दुसऱ्याने वापरायची मायक्रोसॉफ्टची पद्धत) पद्धतीच्या डीएलएल आणि ओसीएक्ससाठी, ज्यांच्यात स्वतःची नोंद करून घेणारं डीएलएलरजिस्टरसर्व्हर हे फंक्शन असतं. एमएसव्हीसीपी१४० वर चालवलंत तर ते फंक्शन सापडलं नाही एवढंच सांगेल. तुमचा आयटीवाला बहुतेक व्हिज्युअल बेसिक ६ मधल्या प्रोग्रामसाठी करत असणार, एमएसकॉमसीटीएल.ओसीएक्स वगैरे.

मांडवीकाठ

हो हो! एमएसकॉमसीटीएल! कंपोनंट नीट रजिस्टर झालेला नाही, अशी पाटी यायची. बिलांचा प्रोग्राम होता, नव्वदच्या दशकातला. अजून चालू आहे म्हणे.

कोथरूडचा काका

चालू असणारच. व्हीबी६ ची मुख्य रनटाइम (प्रोग्राम चालायला लागणारी फाइल), एमएसव्हीबीव्हीएम६०.डीएलएल, मायक्रोसॉफ्ट आजही विंडोजबरोबर देतं. अर्ध्या महाराष्ट्राची उधारी त्या एका फाइलीवर लिहिलेली आहे, काढून टाकायची कोणाची छाती आहे?

पण तरुण मंडळींनी विंडोज ९५ आणि ९८ चा काळ पाहिला नाही म्हणून सांगतो. तेव्हा सगळ्यांच्या डीएलएल एकाच विंडोज\सिस्टम फोल्डरमध्ये. कुठलाही सेटअप यायचा आणि आपल्याकडची आवृत्ती तिथे दडपून टाकायचा. सभ्य सेटअप असला तर विचारायचा: जी फाइल टाकतोय ती आधीच्यापेक्षा जुनी आहे, आधीची ठेवू का? असभ्य असला तर न विचारता जुनी टाकून मोकळा. सकाळी स्कॅनरचं सॉफ्टवेअर टाकलं की दुपारी टॅक्सचा प्रोग्राम मेला, आणि दोघांचा संबंध काय हे शोधायला पुढचा आठवडा.

काढून टाकताना आणखी मजा. ही सामायिक फाइल आता कुठलाही प्रोग्राम वापरत नाही असं दिसतंय, काढू का? होय, सगळ्यांना होय, नाही, सगळ्यांना नाही. आणि खाली बारीक अक्षरात, पण कोणी वापरत असेल तर तो प्रोग्राम बंद पडू शकतो. म्हणजे निर्णय आमचा, पाप आमचं! रजिस्ट्रीत प्रत्येक फाइलीपुढे किती जण वापरतात याचा आकडा असायचा, पण तो वाढवायचं आणि कमी करायचं सेटअप लिहिणाऱ्याच्या इमानदारीवर. मी कायम सगळ्यांना नाही दाबत आलो. अजूनही दाबतो.

विंडोज २००० मध्ये पहिल्यांदा पहारा बसला. सिस्टमची फाइल कोणी बदलली की डीएलएलकॅश नावाच्या फोल्डरमधून मूळ प्रत गुपचूप परत यायची. मग २००१ मध्ये एक्सपीबरोबर विनएसएक्सएस आलं: एकाच डीएलएलच्या चार आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवायच्या आणि ज्याने जी मागितली त्याला ती द्यायची. भांडण मिटलं, फोल्डर मात्र फुगला.

भिंगरी

काका, मस्त लिहिलंय. त्यावरून विचारते, माझ्या लॅपटॉपवर यादीत व्हिज्युअल सी++ ची रांगच आहे. २००८, २०१०, २०१२, २०१३, परत प्रत्येकाच्या दोन दोन. जागा कमी पडतेय म्हणून जुनी काढून सगळ्यात नवीन तेवढी ठेवली तर?

बे एके बे

@भिंगरी, काढू नका. २०१३ पर्यंतची प्रत्येक आवृत्ती स्वतंत्र आहे. २०१० च्या प्रोग्रामला एमएसव्हीसीआर१०० लागते, २०१२ च्याला ११०, २०१३ च्याला १२०. एकीचं काम दुसरी करत नाही. २०१५ पासून मायक्रोसॉफ्टने शहाणपण केलं: २०१५, १७, १९ आणि २२ एकाच पॅकेजात, नवी आवृत्ती जुन्याचं काम करते. दोन दोन दिसतात त्यातली एक्स८६ ही ३२ बिट प्रोग्रामांसाठी आणि एक्स६४ ही ६४ बिटवाल्यांसाठी. सगळी मिळून जागा तुमच्या फोनमधल्या लग्नाच्या एका व्हिडिओपेक्षा कमी खातात.

भिंगरी

लग्नाचे व्हिडिओ काढायला सांगू नका हो, घरात महाभारत होईल.

पेंग्विनप्रेमी

बघा, यातलं एकही नाटक आमच्याकडे नाही. लिनक्सवर लायब्ररीच्या (तुमच्या डीएलएलसारखी फाइल, शेवटी .एसओ) नावातच आवृत्ती असते, लिबअमुक.एसओ.१ आणि .एसओ.२ सुखाने शेजारी नांदतात. पॅकेज मॅनेजरला ठाऊक असतं कोणाला काय लागतं, तोच आणून देतो. नेटवरून फाइल उतरवायचा प्रश्नच येत नाही.

शून्यवाचक

पेंग्विनराव, थोडं खरं पण सांगा. आमच्याकडे डिजिटल सहीचा यूएसबी टोकन आहे. त्याचा लिनक्स ड्रायव्हर म्हणजे एक बंद एसओ फाइल. उबुंटू २२.०४ वर गेलो आणि ती म्हणते लिबएसएसएल.एसओ.१.१ पाहिजे. उबुंटूने त्या आवृत्तीत ओपनएसएसएल ३ आणलं आणि १.१ भांडारातून काढून टाकलं. कुठल्या लायब्ररी लागतात ते दाखवणारं एलडीडी चालवलं की समोर ठसठशीत "सापडली नाही". टोकनवाल्या कंपनीचं उत्तर: जुन्या उबुंटूवर वापरा. शेवटी फोरमवर लोक काय सुचवतात? जुन्या भांडारातून सुटं पॅकेज उतरवा. म्हणजे भाच्याचाच सल्ला!

आणि जीलिबसी, लिनक्सची मूळ सी लायब्ररी, विसरलात. नव्या यंत्रावर बांधलेला प्रोग्राम जुन्यावर न्या, जीलिबसी_२.३४ सापडली नाही म्हणून हात वर. उबुंटू २०.०४ मध्ये २.३१ आहे. जीलिबसी काही सुटी बदलता येत नाही, सगळी सिस्टम तिच्यावर उभी.

पेंग्विनप्रेमी

ड्रायव्हर बंद ठेवणाऱ्या कंपनीचा दोष आहे तो, लिनक्सचा नाही. सोर्स दिला असता तर परत बांधून घेतला असता.

कोथरूडचा काका

आणि टॅक्स भरायची तारीख त्यांनी थांबवून धरली असती.

सान होजेकर

इथे कामावर हा वाद रोज होतो म्हणून लिहितो. मूळ प्रश्न विंडोज की लिनक्स हा नाहीच. लायब्ररी सगळ्यांनी मिळून एक वापरायची, की ज्याने त्याने आपली प्रत बरोबर बाळगायची? एकत्र कुटुंब की वेगळी चूल, तेवढंच.

वेगळ्या चुलीचे हाल सप्टेंबर २०२३ मध्ये दिसले. वेबपी चित्रं उलगडणाऱ्या लिबवेबपीत भोक सापडलं. नुसतं चित्र दाखवलं तरी हल्ला होऊ शकत होता. लिनक्स वितरणांनी आपल्या सामायिक प्रतीची दुरुस्ती लगेच दिली. पण क्रोम, फायरफॉक्स आणि इलेक्ट्रॉनवर (ब्राउझर पोटात घेऊन प्रोग्राम बांधायचा सांगाडा) बांधलेले गप्पांचे, नोट्सचे, मीटिंगचे प्रोग्राम, सगळ्यांच्या पोटात आपापली प्रत. प्रत्येकाने वेगळी दुरुस्ती द्यायची, आपण प्रत्येक प्रोग्राम वेगळा अपडेट करायचा. विंडोजवर हेच २००४ मध्ये झालं होतं, जीडीआयप्लस.डीएलएल आणि जेपेग चित्रांचं. ती डीएलएल लोकांनी आपापल्या प्रोग्रामबरोबर वाटलेली, त्यामुळे सिस्टमची प्रत दुरुस्त करून भागेना. मायक्रोसॉफ्टला खास हुडकणारं साधन काढावं लागलं.

डावखुरा

मग सामायिकच बरं की. यात वाद कसला?

सान होजेकर

@डावखुरा, मार्च २०२४ आठवा. फाइली दाबून छोट्या करणाऱ्या एक्सझेडची लायब्ररी, लिबएलझेडएमए. कुणीतरी दोन-अडीच वर्षं प्रकल्पात सज्जनपणे काम करून विश्वास कमावला आणि ५.६.० आणि ५.६.१ या आवृत्त्यांत चोरदरवाजा ठेवला. निशाणा कोण? दूरवरून लॉगिन करू देणारा एसएसएचडी. गंमत म्हणजे एसएसएचडी ही लायब्ररी स्वतः मागतच नाही. काही वितरणांनी त्याला लिबसिस्टमडी (लिनक्सच्या सेवा सांभाळणाऱ्या सिस्टमडीची लायब्ररी) जोडलं होतं, आणि ते येताना लिबएलझेडएमएला बरोबर घेऊन यायचं. आंद्रेस फ्रॉइंड नावाच्या अभियंत्याला लॉगिनला अर्धा सेकंद जास्त का लागतोय याची खुटखुट लागली, म्हणून सापडलं. मोठ्या स्थिर आवृत्त्यांत पोचायच्या आत.

त्यामुळे मला दोन्हीपैकी एक निवडा म्हणालात तर मी सामायिकच निवडेन, पण किती जण एका फाइलीवर टेकलेत याचा हिशोब कोणीतरी ठेवायला हवा. तो हिशोब ठेवायला कोणी पैसे देत नाही.

डावखुरा

अर्धा सेकंद! आमच्या ऑफिसात लॉगिनला पाच मिनिटं लागतात, आम्हाला चोरदरवाजा कळणारच नाही.

अक्षरजुळारी

मंडळी, चर्चा डोक्यावरून जातेय पण वाचायला मजा येतेय. बे एके बे साहेब, तुम्ही विचारलेलं: यादीत व्हिज्युअल सी++ २०१५-२०२२ एक्स६४ आहे. एक्स८६ वालं नाही. प्रोग्राम एक्स८६ वाल्या प्रोग्राम फाइल्समध्ये आहे.

बे एके बे

सापडलं. तुमचा प्रोग्राम ३२ बिट आहे आणि ३२ बिटची रनटाइम तुमच्याकडे नाही.

भाच्याची फाइल का चालली नाही तेही सांगतो, कारण यात भलेभले फसतात. ६४ बिट विंडोजमध्ये सिस्टम३२ या फोल्डरात ६४ बिटच्या फाइली असतात, आणि ३२ बिटच्या सिसवाव६४ मध्ये. होय, उलटंच आहे, जुने प्रोग्राम मोडू नयेत म्हणून नाव तसंच ठेवलं. ३२ बिट प्रोग्राम सिस्टम३२ मध्ये शोधायला गेला की विंडोज त्याला न सांगता सिसवाव६४ कडे वळवतं. म्हणजे भाच्याने टाकलेली फाइल तुमच्या प्रोग्रामला दिसलीच नाही. मग प्रोग्रामच्या फोल्डरात टाकली, ती दिसली, पण निघाली ६४ बिटची. ३२ बिट प्रोग्राममध्ये ६४ बिट डीएलएल बसत नाही, म्हणून तो ७बी वाला कोड.

करायचं असं. प्रोग्रामच्या फोल्डरमधली ती फाइल काढून टाका. मायक्रोसॉफ्टच्याच साइटवरून व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबलचं एक्स८६ पॅकेज घ्या, फुकट आहे. टाका, संगणक एकदा बंद-चालू करा.

आणि एक सांगा, सिस्टम३२ मध्ये टाकताना फाइल आधीच आहे, बदलू का, असं विचारलं होतं का?

शून्यवाचक

बे एके बे, त्यात एक भर. डाउनलोड्स फोल्डरात पडलेल्या सुट्या डीएलएलही काढायला सांगा. प्रोग्राम डीएलएल शोधताना बहुतेक वेळा आधी स्वतःच्या फोल्डरात बघतो. आपण सेटअप उतरवून तिथूनच चालवतो. शेजारी कोणी योग्य नावाची खोटी डीएलएल आणून ठेवली असेल तर सेटअप तीच उचलतो, आणि तीही अॅडमिनच्या अधिकाराने.

कोथरूडचा काका

अवांतर: छापखान्याचा विषय आहे आणि यूएसपी१०.डीएलएलचं नाव कोणी काढलं नाही? मराठी माणसाने त्या एका फाइलीला नारळ फोडायला हवा. एक्सपीवर युनिकोड मराठी उघडलं की वेलांट्या अक्षराच्या मागे, जोडाक्षरांचे पाय मोडलेले. मग प्रादेशिक सेटिंगमध्ये जाऊन जटिल लिप्यांच्या फाइली बसवा अशी खूण करायची, आणि ते विंडोजची सीडी मागायचं. सीडी कोणाकडे असायची? अक्षरांची जुळणी करायचं सगळं काम या यूएसपी१० चं. नव्या ऑफिसबरोबर तिची नवी आवृत्ती यायची, ती उचलून ब्राउझरच्या फोल्डरात टाकली की रफार जागेवर बसायचा. हा जुगाड मी किती जणांना करून दिला असेल!

भिंगरी

म्हणजे काका, तुम्ही पण भाचाच!

कोथरूडचा काका

फरक आहे बाई. माझी फाइल सीडीवरून आलेली, ओळखीच्या घरची.

सान होजेकर

काका, आता ते काम बरेच जण हार्फबझ नावाच्या मुक्त लायब्ररीवर सोपवतात. फायरफॉक्स, क्रोम, अँड्रॉइड, सगळीकडे तीच. लिब्रेऑफिसने २०१७ मध्ये ५.३ आवृत्तीपासून सगळ्या सिस्टमवर तीच वापरायला घेतली. म्हणून हल्ली एकच फाइल विंडोजवर आणि लिनक्सवर सारखी दिसते. अक्षरजुळारींच्या कामाचं: स्क्रायबस १.४ मध्ये देवनागरी तुटायची, आता जानेवारी २०२४ ला आलेल्या १.६ मध्ये हार्फबझ आहे. पुस्तकाची पानं लावायला फुकट आणि चांगलं.

अक्षरजुळारी

चालू झालं! एक्स८६ टाकलं, बंद-चालू केलं, प्रोग्राम उघडला. मंडळाचा सोळा पानी अहवाल आत्ताच लावला, प्लेट करायला दिला. बे एके बे साहेब, मनापासून आभार.

तुम्ही विचारलेलं भाच्याला विचारलं. हो, बदलू का असं आलं होतं, आणि त्याने हो केलं.

स्क्रायबस बघतो, पण आमचं निम्मं गिऱ्हाईक जुन्या फॉन्टमधला मजकूर पेनड्राइव्हवर घेऊन येतं. तो युनिकोड करून घेण्यातच दिवस जातो.

बे एके बे

मग अजून एक काम उरलं. सिस्टम३२ मध्ये मायक्रोसॉफ्टची खरी फाइल होती, ती जाऊन तिथे अनोळखी फाइल बसली आहे. तुमच्या इतर ६४ बिट प्रोग्रामांना आता तीच मिळतेय. सिस्टम३२ मधली तेवढी एकच फाइल काढा, लगेच एक्स६४ चं पॅकेज पुन्हा चालवा, त्यात दुरुस्ती असा पर्याय येईल तो घ्या. मूळ फाइल परत येईल. नंतर पूर्ण अँटिव्हायरस तपासणी, रात्री लावून ठेवली तरी चालेल.

अक्षरजुळारी

करतो. भाच्याला हा धागा वाचायला दिलाय. तो म्हणतो काकांनी केलं ते चालतं आणि मी केलं की व्हायरस.

नवीन_सभासद_नगर

नमस्कार, पहिलाच प्रतिसाद. वेगळा धागा काढायला हवा होता का माहीत नाही. मला डी३डीएक्स९_४३.डीएलएल नाही असं येतं, जुना गेम आहे. वर सांगितलेली दोन्ही पॅकेजं टाकली, उपयोग नाही.

बे एके बे

ती व्हिज्युअल सी++ ची नाही, डायरेक्टएक्सची. विंडोज ११ मध्ये नवं डायरेक्टएक्स असलं तरी या जुन्या मदतनीस फाइली त्यात नसतात. मायक्रोसॉफ्टच्या साइटवर डायरेक्टएक्सची जून २०१० ची एंड-यूजर रनटाइम आहे. उतरवल्यावर आधी एका रिकाम्या फोल्डरात उलगडते, मग त्यातला डीएक्ससेटअप चालवायचा. डेस्कटॉपवर उलगडू नका, पुष्कळ कॅब फाइली पसरतात.